आडनाव म्हणजे जातीचा दाखला नव्हे

भाड्याने घर पाहायला गेलं की मालकाचा दुसरा-तिसरा प्रश्न आडनावाचा असतो. उत्तराने समाधान झालं नाही, तर पुढचा ठरलेला : "म्हणजे मूळचे कुठले?" विचारणाऱ्याला गाव नको असतं, जात हवी असते. आडनाव कळलं की माणूस कळला, हा आपल्याकडचा फार पक्का समज आहे, आणि तो जागोजागी खोटा ठरतो.

पाटील घ्या. पाटील म्हणजे मराठा, असं सर्रास धरलं जातं. पण रयत शिक्षण संस्था काढणारे कर्मवीर भाऊराव पाटील जैन होते. जळगावकडे लेवा पाटील, ठाणे-रायगडच्या किनाऱ्यावर आगरी आणि कोळी पाटील, सीमाभागात लिंगायत पाटील, शिवाय मुसलमान पाटीलही आहेत. कारण साधं आहे. पाटीलकी हे वतन होतं. गावचा सारा वसूल करायचा, गावाच्या वतीने सरकारला जबाब द्यायचा. हे काम ज्या घरात, ते घर पाटलाचं. त्याचं दप्तर लिहिणारा कुलकर्णी. परगण्यावर हीच जोडी देशमुख-देशपांडे या नावाने असे. देशमुख तर ब्राह्मणांत आहेत, मराठ्यांत आहेत, मुसलमानांतही आहेत. आणि कुलकर्णी म्हणजे ब्राह्मणच, हे बेळगाव-धारवाडकडच्या लिंगायत कुलकर्ण्यांना सांगून पाहावं. परगणा आणि कुलकर्णी वतनं १९५० च्या कायद्याने गेली, महसुली पाटीलकी १९६२ च्या कायद्याने. गावात तलाठी आला. काम गेलं, आडनाव उरलं.

जाधव, पवार, शिंदे, गायकवाड, चव्हाण ही आडनावं मराठ्यांत जशी, तशीच बौद्धांत, मातंगांत, धनगरांत सापडतात. बंजारा समाजात राठोड, पवार, चव्हाण, जाधव ही तर प्रमुख कुळं. तेव्हा जाधव एवढं ऐकून कुणी काही ताडलं, तर तो निव्वळ अंदाज.

'कर' लागलेल्या आडनावांबद्दल असाच एक समज आहे, की ती उच्चवर्णीयांची. प्रत्यक्षात 'कर' एवढंच सांगतो की हे घर अमुक गावचं. होळचे ते होळकर, आणि ते धनगर. मंगेशीवरून दीनानाथांनी मंगेशकर हे आडनाव घेतलं. बाबासाहेबांच्या घराण्याचं आडनाव सकपाळ. आंबेडकर आलं ते रत्नागिरी जिल्ह्यातल्या आंबडवे गावावरून. साताऱ्याच्या सरकारी शाळेत १९०० साली त्यांचं नाव दाखल झालं ते भिवा रामजी आंबेडकर असं.

या 'कर'ची सगळ्यांत सुंदर साक्ष मात्र कोकणातले बेने इस्रायल देतात. हे ज्यू लोक अलिबाग, पेण, रोहे या पट्ट्यात शतकानुशतकं राहिले. तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून गावकरी त्यांना शनिवार तेली म्हणत. त्यांची आडनावं पाहा : पेणकर, रोहेकर, नवगावकर, दिवेकर, केहिमकर. शेजारच्या हिंदूचं आणि यांचं आडनाव एकच, कारण गाव एकच. मुंबईतलं त्यांचं पहिलं प्रार्थनामंदिर १७९६ साली बांधलं ते सॅम्युएल इझिकिएल दिवेकर यांनी. लोकांच्या तोंडी ते समाजी हसाजी दिवेकर होते. सॅम्युएलचा समाजी, इझिकिएलचा हसाजी. मांडवीतल्या सॅम्युएल स्ट्रीटचं नाव त्यांच्यावरूनच पडलं. समाजी हसाजी दिवेकर हे नाव कागदावर वाचून कुणी त्यांचा धर्म ओळखून दाखवावा.

उलट बाजूने वसई-गोव्याकडे पाहू. डिसोझा, परेरा, फर्नांडिस ऐकलं की अनेकांना वाटतं, यांचे पूर्वज पोर्तुगालहून आले. अगदी थोड्यांच्या बाबतीत ते खरं असेल. एरवी हे इथलेच शेतकरी, मच्छीमार, बागायतदार. बाप्तिस्म्याच्या वेळी धर्मपित्याचं किंवा पाद्र्याचं आडनाव त्यांना मिळालं. उस्मानाबादच्या मराठी साहित्य संमेलनाचे २०२० सालचे अध्यक्ष फादर फ्रान्सिस दिब्रिटो वसईचे. आडनाव पोर्तुगीज, लेखणी अस्सल मराठी.

आडनाव पिढ्यान् पिढ्या, अनादि काळापासून तेच चालत आलंय, हाही असाच एक भ्रम. नाना फडणवीसांचं आडनाव भानू होतं. फडणवीस हा हुद्दा. कागदोपत्री ते बाळाजी जनार्दन, म्हणजे स्वतःचं नाव आणि वडिलांचं नाव. आडनावाची गरजच पडत नसे. पेशवे मूळचे श्रीवर्धनचे भट. शिवरायांचे चिटणीस बाळाजी आवजी हे चित्रे. जोतीरावांचं घराणं साताऱ्याजवळच्या कटगुणचं, आडनाव गोऱ्हे. पुण्यात फुलांचा धंदा केला आणि ते फुले झाले. चिटणीस, फडणीस, पारसनीस यांतला 'नीस' हा फारसी 'नवीस', म्हणजे लिहिणारा. पोतदार, मुजुमदार, जामदार हेही फारसीच. आज ज्यांना आपण ठार मराठी आडनावं समजतो, त्यांतली कितीतरी सुलतानी दरबाराच्या दप्तरातून आलेली आहेत. त्यात कमीपणा कसला? पुढे इंग्रजी अमदानीत शाळेचं रजिस्टर, पलटणीची नोंद, कोर्टाचा कागद यांनी प्रत्येकाला एकेक आडनाव कायमचं चिकटवलं. तोवर ती बदलत होती.

आडनावाचा आवाज ऐकून गोष्ट रचायची सवयही सोडायला हवी. घोरपड लावून किल्ला चढले म्हणून घोरपडे, ही मुधोळच्या घराण्याची कथा फार गोड आहे. पण कथा आणि पुरावा यांच्या पायऱ्या वेगळ्या. वाघमारे, एकबोटे यांच्या गोष्टी घरात जरूर सांगाव्यात, फक्त इतिहास म्हणून छापू नयेत.

नावांकडे वळलं की माझा सूर बदलतो, कारण इथला गैरसमज माणसाला दुखावतो. धोंडू, दगडू, केरू ही नावं ठेवणाऱ्यांना मुलाची किंमत नव्हती, असं शहरी माणूस हसत म्हणतो. खरं अगदी उलट आहे. आधीची मुलं हाती लागली नाहीत, म्हणून या एकाला दृष्ट लागू नये, मृत्यूने त्याला दगड समजून वगळावं, यासाठी ते नाव. त्यात आईचं काळीज आहे. नकोशी, नकुसा ही नावं मात्र खरंच तोच अर्थ बाळगतात : मुलगी झाली, आता पुरे. २०११ साली सातारा जिल्ह्यात दोनशेहून अधिक नकोशींना समारंभपूर्वक नवी नावं देण्यात आली. काहींनी आपलं नाव आपणच निवडलं. धोंडू आणि नकोशी एकाच मापाने मोजणं हा दोघांवरही अन्याय आहे.

शेवटचा समज कायद्याचा. लग्नानंतर बाईने नवऱ्याचं आडनाव लावलंच पाहिजे, असा कुठलाही कायदा नाही. तांदळात अंगठीने नवं नाव लिहिणं ही रीत आहे, नोंद नव्हे. माहेरचं नाव ठेवायचं तर काहीही करावं लागत नाही. बदलायचं असेल तर राजपत्रात प्रसिद्ध करून घेता येतं. आणि नावात बापच असतो, हेही आता पूर्ण खरं राहिलेलं नाही. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर महाराष्ट्रात बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव, असा क्रम ठरला आहे.