सांगड

आमच्या लातूर जिल्ह्यातल्या रेणापूरकडे पोरगं पोहायला शिकायचं ते विहिरीत, पाठीला वाळका भोपळा बांधून. कडू भोपळा वेलावरच जून होऊ द्यायचा, मग माळवदावर उन्हात टाकायचा. आतल्या बिया खुळखुळायला लागल्या की तो तयार झाला. एक भोपळा पोराच्या पाठीला पुरे. दोन भोपळे दोरीनं एकमेकांना बांधले की होते सांगड, आणि तिच्यावर छाती टेकून मोठा माणूस नदी उतरून जातो. लाकडाचे दोन ओंडके किंवा दोन होड्या जोडल्या, तरी तीही सांगडच. आज आपण जमाखर्चाची सांगड घालतो, जुन्या-नव्याची घालतो. पण हा शब्द मुळात पाण्यावरचा आहे.

तो किती जुना असावा? पहिल्या शतकातल्या एका ग्रीक भाषेतल्या दर्यावर्दी पुस्तकात, ‘पेरिप्लस’मध्ये, भारताच्या पूर्व किनाऱ्यावरच्या मोठ्या नौकांचं वर्णन आहे. एकेका ओंडक्यातून कोरलेल्या होड्या एकत्र बांधून त्या केलेल्या असत आणि त्यांचं नाव ‘संगारा’ दिलं आहे. अभ्यासकांनी त्याचं नातं संस्कृत ‘संघाट’शी आणि आपल्या सांगडीशी जोडलं आहे. समुद्रापासून इतक्या आत राहणाऱ्या आम्हा लोकांच्या तोंडी हा शब्द टिकून राहिला, याचं मला फार अप्रूप वाटतं.

यंदा लिहायला घेतला तो विषय उत्तरेच्या टोकाचा: नॉर्वेच्या फियॉर्डमध्ये वाटाड्याबरोबर सहा-आठ जणांनी कयाक वल्हवत जाणं. वाचत गेलो तसतशी मला जागोजागी सांगडच भेटत गेली.

कोकणची खाडी पाहिलेल्या माणसाला फियॉर्ड अर्धा समजतो. दाभोळची खाडी काय किंवा वाघोटणची काय, नदीनं कोरलेल्या दरीत समुद्र आत शिरून ती झाली. फियॉर्डची दरी कोरली ती हिमनदीनं. बर्फाचं ते प्रचंड वजन खडक खरवडत सरकलं, म्हणून कडे उभे आणि तळ भलताच खोल. सोग्नेफियॉर्ड समुद्रापासून दोनशे किलोमीटरहून जास्त आत गेलेला आहे आणि त्याची खोली आहे 1,300 मीटर. लातूर समुद्रसपाटीपासून साधारण 630 मीटर उंचावर आहे. म्हणजे समुद्राच्या पातळीपेक्षा आपण जेवढे वर राहतो, त्याच्या दुप्पट ते पाणी खाली जातं. मुखाशी मात्र तळ पुन्हा वर येतो, कारण तिथे पोचेपर्यंत हिमनदीचा जोर ओसरलेला असतो आणि तिनं वाहून आणलेला दगडगोटा तिथेच पडतो. सोग्नेफियॉर्डचाच एक फाटा, नॅरॉयफियॉर्ड, सगळ्यात चिंचोळ्या जागी जेमतेम अडीचशे मीटर रुंद आहे आणि दोन्ही बाजूंना हजार मीटरहून उंच डोंगर. गेइरांगरफियॉर्डसोबत तो 2005 मध्ये जागतिक वारशाच्या यादीत गेला.

चित्रात हे फार सुंदर दिसतं. वल्हवणाऱ्याला मात्र काही वेगळंच पाहावं लागतं. उभ्या कड्याशी किनारा नसतो, त्यामुळे दमलो म्हणून कुठेही उतरता येत नाही. लाट कड्यावर आपटून परत फिरते, येणाऱ्या लाटेला भिडते आणि पाणी जागच्या जागी उसळतं. डोंगरावरून थंड वारा एकदम खाली कोसळतो. वितळलेल्या बर्फाचं गोडं पाणी खाऱ्या पाण्यावर थर धरून राहतं आणि उन्हाळ्यातही ते अंगाला चावतं. अशा पाण्यात पडणाऱ्यांसाठी तिकडे एक हिशेब सांगतात, एक-दहा-एक. पहिल्या एका मिनिटात श्वास ताब्यात आणायचा. पुढची दहा मिनिटं हातपाय कामाचे राहतात. शुद्ध हरपायला साधारण एक तास लागतो. म्हणून कपडे हवा बघून घालायचे नाहीत, पाणी बघून घालायचे. वर ऊन असलं तरी अंगात पाणी न शिरणारा पोशाख हवाच.

वाटाड्या सुरुवात करतो ती उलटण्यापासून, काठालगतच्या उथळ पाण्यात. कयाकमध्ये माणूस कमरेपर्यंत आत बसतो आणि बसायच्या भोकावर एक झालर ताणून बसवलेली असते, पाणी आत येऊ नये म्हणून. कयाक उलटली की डोकं खाली. घाबरायचं नाही, पुढे वाकायचं, झालरीचा पुढचा पट्टा शोधून ओढायचा आणि बाहेर निसटायचं. मग सोबत्याचं काम. त्यानं रिकाम्या कयाकचं टोक आपल्या कयाकवर आडवं ओढून घ्यायचं, आतलं पाणी सांडायचं, ती सुलटी करून आपल्या शेजारी लावायची आणि दोन्ही हातांनी दाबून धरायची, म्हणजे पडलेला माणूस तिच्यावर चढू शकतो. एकट्याला हे फार जड जातं. दोघांना काही मिनिटं लागतात.

निघाल्यावर वेग सगळ्यांत सावकाश वल्हवणाऱ्याचा. वाटाड्यानं उतरता येईल अशा जागा आधीच नकाशावर हेरलेल्या असतात. सगळ्यात जोखमीची वेळ म्हणजे एका काठावरून दुसऱ्या काठाला जाणं, म्हणून वारा पाहून ते करायचं, नाहीतर चक्क टाळायचं. मध्येच वाऱ्यानं धरलं किंवा कोणाला मळमळलं, तर सगळ्यांनी कयाक शेजारी शेजारी आणायच्या, वल्ही मांड्यांपुढे आडवी ठेवायची आणि शेजारच्याची कयाक घट्ट धरायची. एक कयाक असते पाचेक मीटर लांब आणि पन्नास-साठ सेंटिमीटर रुंद, कुशीवर वळलं तरी हेलकावणारी. अशा सहा एकत्र धरल्या की तीन-साडेतीन मीटर रुंदीचा तराफा होतो आणि तो सहजी उलटत नाही. नदी उतरवणाऱ्या भोयाच्या दोन भोपळ्यांचंही गणित हेच होतं.

कयाक मूळची नॉर्वेची नव्हे. ग्रीनलंड आणि त्याच्या पलीकडच्या इनुइट शिकाऱ्यांची ती नाव. वाहून आलेल्या लाकडाचा सांगाडा, त्यावर सीलचं कातडं, आणि माप ज्याच्या त्याच्या अंगाचं. नॉर्वेचा संशोधक फ्रिट्जॉफ नान्सेन 1888 मध्ये ग्रीनलंड ओलांडून गेला, हिवाळ्यात तिथेच अडकला आणि त्या लोकांकडून कयाक शिकला. पुढे 1895 मध्ये तो आणि यालमार योहान्सेन ‘फ्राम’ जहाज सोडून ध्रुवाकडे निघाले, तेव्हा त्यांच्याकडे दोन कयाक होत्या: बांबूचा सांगाडा आणि वर शिडाचं कापड. परतीला, ऑगस्टमध्ये, मोकळं पाणी लागलं तेव्हा त्यांनी दोन्ही कयाक शेजारी बांधल्या आणि शीड उभारलं. सांगडच ती. जून 1896 मध्ये ती बांधलेली जोडी वाऱ्यानं सुटून वाहून जाऊ लागली. अन्न, बंदुका, सगळं तिच्यात. नान्सेननं बर्फाच्या पाण्यात उडी घेतली, हातपाय बधिर होईपर्यंत पोहला आणि ती गाठली. थोड्याच दिवसांत त्यांना एक इंग्रज मोहीम भेटली आणि दोघे वाचले.

आपल्याकडे मुंबईच्या कौस्तुभ खाडे यांनी 2015 मध्ये मुंबई ते गोवा हे अंतर एकट्यानं कयाकमधून कापलं आणि नंतर गुजरातपासून कन्याकुमारीपर्यंत सुमारे तीन हजार किलोमीटर वल्हवलं. त्या लांब प्रवासात शांजली शाही किनाऱ्यानं सायकलवरून सोबत करत होत्या. पाण्यावर खाडे एकटे असले, तरी काठावर दुसरा भोपळा होताच, असं मी म्हणेन. फियॉर्डच्या आकाराचं पाणी महाराष्ट्रात शोधायचं तर ते कोयनेच्या शिवसागरात सापडतं: बामणोली-तापोळ्याकडे डोंगरांमधून वळत गेलेला लांबलचक, अरुंद जलाशय. 2024 साली तिथे मुनावळ्याला सरकारी जलपर्यटन केंद्र सुरू झालं.

आणि मराठवाडा? एप्रिल 2016 मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी आलं, पहिल्या खेपेला दहा टाक्यांमधून पाच लाख लिटर. ते लातूर अवघ्या देशानं पाहिलं. पाणी म्हणजे आणायची वस्तू, रांगेत उभं राहून मिळवायची वस्तू, हे आमच्या पिढ्यांच्या हाडांत मुरलं आहे. पण धरणं झाली तसा गावांशेजारी फुगवटाही आला, आणि त्याच्याशी वागायचं कसं हे कोणी शिकवलं नाही. जायकवाडीच्या फुगवट्यावर, गंगापूर तालुक्यातल्या भिव धानोऱ्याची मुलं थर्माकोलच्या तराफ्यावरून शाळेला जात. 2023 मध्ये उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठानं त्याची स्वतःहून दखल घेतली. मराठवाड्याशेजारी, उजनी धरणात, 21 मे 2024 रोजी कुगाव ते कळाशी जाणारी बोट वादळी वाऱ्यात उलटली आणि सहा जण गेले. त्या दोन बातम्या शेजारी ठेवल्या की मला राहवत नाही. नदीला पूर आला की गुळाच्या काहिलीतून माणसं उतरवायची रीतही आमच्या मुलखाला ठाऊक आहे. काहील तरंगते, पण गोल असल्यानं वल्हं मारलं की जागीच गरगरते. कयाक लांब आहे म्हणून सरळ जाते. धाडस दोन्हीकडे सारखंच आहे. फरक आहे तो नावेच्या आकाराचा आणि शिकवणीचा.

रेणा नदीवर भंडारवाडीला मध्यम प्रकल्प आहे. पाऊस नीट झाला, तर दसऱ्याला, रेणुकादेवीच्या नवरात्रात, तो भरलेला असतो आणि रब्बीच्या पाळ्या सुटून पाणी उतरेपर्यंत दोन-तीन महिने मिळतात. सकाळी वारा नसतो, पाणी नॉर्वेइतकं गार नसतं. दहा कयाक, दहा जीवरक्षक जाकिटं आणि ज्या भोयांच्या घरांनी पिढ्यान्‌पिढ्या ही नदी उतरवली, त्यांच्यातलेच दोन वाटाडे, एवढ्यावर या शिकवणीची सुरुवात होते. वल्ही पहिल्या दिवशी काठावरच ठेवावीत. मुलांनी उलटायचं, निसटून वर यायचं, आणि मग दुपार होईपर्यंत नुसती शेजारच्याची कयाक धरून बसायचं.