असममित स्पिनेकर चढवण्यापूर्वी

वारा मागून येत असताना जिबच्या, म्हणजे डोलकाठीपुढच्या शिडाच्या, जोडीला किंवा तिच्या जागी हलक्या नायलॉनचे मोठे, फुगीर शीड उभारतात. तेच स्पिनेकर. असममित प्रकारात पुढची कड मागच्या कडेपेक्षा लांब असते, त्यामुळे ते डोलकाठीला जोडलेल्या फिरत्या दांड्याशिवाय चालते. सन 2000 पासून ऑलिंपिकमध्ये असलेल्या ‘फोर्टीनाइनर’ नौकेवर ते याच प्रकारचे असते.

शिडाला तीन कोपरे. पुढचा खालचा कोपरा नाळेपुढे निघालेल्या दांड्याच्या टोकाशी, वरचा डोलकाठीवरून येणाऱ्या उचल-दोराला आणि मागचा दोन ओढ-दोरांना बांधायचा. खरी मेख या दोरांच्या वाटेत आहे. उचल-दोर नाळेकडून डोलकाठीच्या टोकाला जाणाऱ्या तारेच्या पुढून यायला हवा. ओढ-दोरही बाजूच्या तारांच्या बाहेरून कप्पीपर्यंत न्यायचे. एक दोर जरी आतून गेला किंवा शिडाला पीळ पडला, तरी शीड वर जाताच अडकते आणि भर वाऱ्यात ते सोडवणे धोक्याचे असते. म्हणून पिशवीत भरतानाच पुढची कड वरपासून खालपर्यंत हातातून सरकवून पीळ तपासावा. ही पायरी कधीच गाळू नये, असे माझे ठाम मत आहे.

शीड चढवताना वारा मागून येईल अशी नौका वळवतात. मग मुख्य शिडाच्या आडोशाला ते भरकन वर ओढता येते. नंतर पुढची कड किंचित दुमडेपर्यंत ओढ-दोर सैल सोडायचा आणि लगेच थोडा आवळायचा.