सूर्य पाहण्यासाठी अवकाशात का जावे?

सोलापुरात ऊन दारीच असताना सूर्य पाहण्यास यान कशाला, असे वसतिगृहातील मुले आम्हांस विचारतात. प्रश्न रास्त आहे. सूर्याच्या अतिनील किरणांचा मोठा भाग ओझोनचा थर वरच्यावर अडवितो. तो अडवितो म्हणूनच आपण सुखरूप आहोत. परंतु सौरज्वाला त्याच किरणांत पाहावयाच्या, तर दुर्बीण वातावरणापलीकडे न्यावी लागते. पुण्याच्या ‘आयुका’ संस्थेने ‘सूट’ ही दुर्बीण त्यासाठीच घडविली. ‘आदित्य-एल१’ यान तिला घेऊन २ सप्टेंबर २०२३ रोजी निघाले व ६ जानेवारी २०२४ रोजी सुमारे १५ लाख किलोमीटरवरील कक्षेत स्थिरावले. २२ फेब्रुवारीसच तिने एक्स ६.३ श्रेणीची प्रचंड ज्वाला टिपली. ज्वालेचा प्रकाश आठ मिनिटांत पृथ्वी गाठतो, त्याची आगाऊ वर्दी तेथून मिळत नाही. सूर्याने फेकलेल्या भारित कणांच्या ढगाची मात्र तासभर आधी मिळू शकते. तेवढ्या वेळात उपग्रह सुरक्षित स्थितीत ठेवता येतात.