हँडब्रेक : आधी ड्रम, मग केबल
मोटारीचे अंतरंग – लेखांक ११

पायाचा ब्रेक, मागील लेखांकात पाहिल्याप्रमाणे, नळ्यांमधील तेलाच्या दाबावर चालतो आणि तो दाब चालकाचा पाय पेडलवर असेपर्यंतच टिकतो. उभी गाडी मात्र चालक निघून गेल्यावरही तासन्‌तास, प्रसंगी दिवसेंदिवस जागच्या जागी राहावी लागते. तेवढा काळ तेलाचा दाब कोंडून ठेवणे भरवशाचे नसते, कारण रबरी सील किंचित जरी पाझरले किंवा तेल थंड होऊन आकसले, तरी दाब उतरतो. म्हणून उभ्या गाडीचा ब्रेक लागलेल्या स्थितीत निव्वळ यांत्रिक साधनानेच अडकून राहिला पाहिजे, अशी अट मोटारींच्या ब्रेकविषयीच्या संयुक्त राष्ट्रांच्या १३-एच या नियमावलीत घातलेली आहे. त्याच नियमावलीनुसार पूर्ण भरलेली गाडी २० टक्के उतारावर, चढाच्या आणि उताराच्या दोन्ही दिशांना, या ब्रेकने थोपून राहावी लागते, आणि त्यासाठी हाताला ४०० न्यूटनपेक्षा, म्हणजे सुमारे ४० किलोग्रॅम वजनाइतक्या जोरापेक्षा, अधिक ओढ लावावी लागता कामा नये. २० टक्के उतार म्हणजे आडव्या पाच मीटरमागे एक मीटर चढ, कोनाच्या भाषेत सुमारे ११ अंश. अशा उतारावर १,००० किलोग्रॅमच्या गाडीला खाली खेचणारे बल सुमारे १९६ किलोग्रॅम वजनाइतके भरते. हाताच्या मर्यादित ओढीतून एवढ्या बलाला पुरून उरणारा रोध कसा उभा राहतो, हे समजल्याखेरीज हँडब्रेकची केबल ताणणाऱ्या नटाला पाना लावू नये, असे या लेखांकाचे म्हणणे आहे. कारण घरी केलेल्या दुरुस्तीत होणारी सर्वांत मोठी चूक त्या नटापाशीच होते.

दोन आसनांच्या मधला दांडा वर ओढला की त्याच्या बुडाशी जोडलेली पोलादी केबल पुढे खेचली जाते. दांड्याच्या मुळाशी एक दातेरी पट्टी आणि तिच्यात अडकणारी खिटी असते. खिटी दातामागून दात ओलांडत जाते तेव्हा खटक्याचा आवाज येतो, आणि हात सोडला तरी खिटी शेवटच्या दातात रुतून बसल्यामुळे केबलवरील ताण कायम राहतो. गाडीच्या मागच्या दोन चाकांकडे दोन केबली जात असल्याने दांड्याची ओढ दोहोंत सारखी वाटली जावी म्हणून मध्ये एक आडवी पट्टी बसवलेली असते. तिला समतोल पट्टी म्हणता येईल. एका बाजूची केबल किंचित सैल असली तरी ही पट्टी तिरकी होऊन दुसऱ्या बाजूचा जादा ताण तिकडे वळवते. मात्र ती फारच तिरकी दिसू लागली तर दोन्ही बाजूंत मोठा फरक पडला आहे, हे ओळखावे.

भारतातील बहुसंख्य छोट्या मोटारींच्या मागच्या चाकांना ड्रम ब्रेक असतात. ड्रम म्हणजे चाकाबरोबर फिरणारे बिडाचे पसरट भांडे. त्याच्या आत, चाकाबरोबर न फिरणाऱ्या पाठपत्र्यावर, अर्धचंद्राकृती दोन ब्रेक-शू समोरासमोर बसवलेले असतात आणि त्यांच्या बाहेरच्या कडेवर घर्षणाचा थर, म्हणजे लायनर, चिकटवलेला असतो. पेडल दाबले की वरच्या बाजूचा छोटा सिलिंडर दोन्ही शू बाहेर ढकलतो. हँडब्रेकचा मार्ग याहून वेगळा आहे. केबलचे टोक मागच्या शूवर खिळलेल्या एका तरफेला अडकवलेले असते. केबल ओढली गेली की ती तरफ आपल्या खिळीभोवती फिरते, दोन्ही शूंच्या मध्ये आडव्या बसवलेल्या दांडीला रेटते, आणि त्या रेट्याने पुढचा शू व त्याच्या प्रतिक्रियेने मागचा शू असे दोन्ही शू ड्रमला जाऊन भिडतात. हाताचा जोर दांड्यापाशी एकदा आणि या तरफेपाशी दुसऱ्यांदा वाढतो. शिवाय चाक ज्या दिशेने फिरू पाहते त्या दिशेला तोंड असलेला शू घर्षणामुळे ड्रममध्ये आणखी घट्ट ओढला जातो. गाडी चढावर उभी असो वा उतारावर, दोहोंपैकी एक शू या स्थितीत असतोच, आणि म्हणून लहानसा ड्रमसुद्धा जड गाडीला दोन्ही दिशांना धरून ठेवू शकतो.

सारा प्रश्न त्या आडव्या दांडीच्या लांबीचा आहे. लायनर जसजसा झिजतो तसतसे शू आणि ड्रम यांच्यातील अंतर वाढते, आणि ते भरून काढण्यासाठी दांडीची लांबी वाढावी लागते. जुन्या रचनेत हे काम हाताने करावे लागे. अलीकडच्या गाड्यांत दांडीवर दातेरी चाक किंवा दातेरी पट्टी असलेली स्वयंचलित योजना असते, जी पेडल दाबताना किंवा, काही रचनांत, हँडब्रेक ओढताना, वाढलेले अंतर एकेका दाताने भरून काढते. ही योजना एकाच अटीवर चालते : हँडब्रेक सोडल्यावर ड्रममधील तरफ आपल्या मूळ थांब्यावर पूर्ण परत आली पाहिजे. केबल प्रमाणाबाहेर ताणलेली असेल तर तरफ थांब्यापासून थोडी उचललेलीच राहते, अंतर जणू भरलेलेच आहे असा दांडीवर परिणाम होतो, आणि स्वयंचलित योजना निश्चल होऊन बसते. पुढे लायनर झिजतच राहतो, पेडलची चाल वाढते, हँडब्रेकही पुन्हा सैल वाटू लागतो आणि मालक पुन्हा नट आवळतो. दांडा वर आल्यावर खटके कमी झाले म्हणजे ब्रेक दुरुस्त झाला, हा समज म्हणूनच घातक आहे. त्या नटाने केबलची ढिलाई तेवढी काढायची असते, लायनरची झीज झाकायची नसते.

किती खटके योग्य, याचे उत्तर गाडीच्या पुस्तिकेत असते. भारतातील काही छोट्या गाड्यांसाठी सुमारे २० किलोग्रॅमच्या ओढीला ४ ते ९ खटके अशी मर्यादा दिलेली आढळते; परंतु प्रत्येक मॉडेलचा आकडा वेगळा असल्याने शेजारच्या गाडीचा आकडा आपल्या गाडीला लावू नये.

कामाला आरंभ करताना ध्यानात घ्यायची पहिली गोष्ट ही की, या कामात हँडब्रेक सोडलेलाच ठेवावा लागतो, म्हणजे गाडीला धरून ठेवणारे नेहमीचे साधन त्या वेळी उपलब्ध नसते. म्हणून जमीन सपाट व पक्की असावी, पुढच्या दोन्ही चाकांना पुढून आणि मागून लाकडी ठोकळे घट्ट लावावेत आणि गाडी पहिल्या गियरमध्ये ठेवावी. पुढची चाके इंजिनाने फिरत असलेल्या गाडीत गियर पुढची चाकेच धरून ठेवतो, त्यामुळे मागची चाके मोकळी फिरवून पाहता येतात. गाडीबरोबर मिळणारा जॅक केवळ चाक बदलण्यापुरता असतो. गाडी उचलून झाल्यावर ती पुस्तिकेत दाखवलेल्या जागी जॅक स्टँडवर, म्हणजे उंची कायम राखणाऱ्या लोखंडी टेकूंवर, उतरवावी, आणि नुसत्या जॅकवर तोललेल्या गाडीखाली शरीराचा कोणताही भाग नेऊ नये. सोसायटीच्या तळघरातील उतरती जागा या कामासाठी सर्वथा अयोग्य आहे.

चाके उचलण्यापूर्वी पेडल काही वेळा जोराने दाबून सोडावे, म्हणजे स्वयंचलित योजनेला जे अंतर भरता येते ते ती भरते. एवढ्यानेच खटके मर्यादेत आले तर नटाला हात लावण्याचे कारण उरत नाही. तसे न झाल्यास दांड्याजवळचा प्लॅस्टिकचा आवरणपट्टा काढून केबलचा नट आधी पुरता सैल करावा, आणि मगच चाके व ड्रम काढावेत. ड्रमच्या कडेला आतून झिजेची धार आलेली असली तर शू तिला अडकतात. अशा वेळी हातोड्याने ठोकून काढण्यापेक्षा, बऱ्याच ड्रमवर आटे पाडलेली दोन भोके दिलेली असतात त्यांत योग्य मापाचे बोल्ट आळीपाळीने थोडे थोडे फिरवावेत, ड्रम आपोआप सरळ बाहेर येतो. ड्रममधील काळी भुकटी तोंडाने किंवा हवेच्या नळीने उडवू नये, कारण जुन्या लायनरमध्ये ॲस्बेस्टॉस असण्याचा संभव असतो आणि त्याचे तंतू फुप्फुसात कायमचे रुतून बसतात. ती ओल्या फडक्याने किंवा ब्रेक क्लीनर फवारून टिपून घ्यावी.

ड्रम निघाल्यावर दृष्टीस पडणाऱ्या गोष्टी वेळ घेऊन पाहाव्यात, कारण हँडब्रेकच्या बहुतेक तक्रारींचे मूळ येथेच सापडते. लायनरची उरलेली जाडी पुस्तिकेतील मर्यादेपेक्षा कमी असेल तर समायोजनाचा विचार सोडून दोन्ही चाकांचे चारही शू बदलावेत. एकाच बाजूचे बदलल्यास दोन चाकांचा ब्रेक कमीजास्त लागून गाडी एकीकडे ओढली जाते. ड्रमचा कमाल व्यास बहुधा ड्रमवरच ओतलेला असतो आणि आतील व्यास त्याच्या पुढे गेला असल्यास ड्रम निकामी समजावा. सिलिंडरच्या रबरी टोपीची कड हलकेच उचलून आत तेल साचले आहे का हे पाहावे. तेल लागलेला लायनर पेट्रोलने धुऊन पुन्हा बसवण्याची प्रथा आहे, ती सोडून द्यावी. लायनरमध्ये मुरलेले तेल ब्रेक तापला की पुन्हा पृष्ठभागावर येते. तरफ बोटाने हलवून ती मोकळेपणाने थांब्यावर परत येते याची खात्री करावी, आणि गंजलेले दातेरी चाक साफ करून त्याच्या आट्यांना उष्णता सोसणारे ग्रीस अगदी थोडे लावावे.

यानंतर दातेरी चाक असलेल्या रचनेत ते फिरवून शू बाहेर आणावेत, ड्रम बसवून पाहावा, आणि ड्रम हाताने फिरवताना लायनरचा हलका, अखंड स्पर्श ऐकू येऊ लागला की चाक काही दात मागे घ्यावे, जेणेकरून ड्रम मोकळा फिरेल. दोन्ही बाजूंना हीच कृती सारख्याच निगुतीने करावी. ड्रम बसवल्यावर पेडल काही वेळा दाबून शू आपापल्या जागी मध्यावर येऊ द्यावेत.

केबलची पाळी आता येते. दांडा पूर्ण खाली असताना नट इतकाच आवळावा की केबलची ढिलाई जाईल आणि तरफा थांब्यावरून उचलल्या जाणार नाहीत. नंतर दांडा पाच-सहा वेळा जोराने ओढून सोडावा, कारण केबलचे पीळ आणि तिच्या टोकांची बैठक त्यामुळे जमून येते, आणि पुन्हा खटके मोजावेत. दांडा खाली असता दोन्ही चाके हाताने विनासायास फिरली पाहिजेत, एक-दोन खटक्यांनंतर किंचित अडखळली पाहिजेत आणि पुस्तिकेतील खटक्यांवर दोन्ही पक्की रोधली गेली पाहिजेत. एक चाक रोधले जाऊन दुसरे फिरत राहिले तर समतोल पट्टीपाशी पाहावे, आणि तेथे दोष न आढळल्यास फिरणाऱ्या चाकाची केबल संशयित धरावी. शेवटी मुख्य नट पान्याने धरून त्यावरचा चेकनट घट्ट करावा. गाडी खाली उतरवल्यावर चाकांचे नट समोरासमोरच्या क्रमाने आवळावेत.

परीक्षा रहदारी नसलेल्या उतारावर करावी. पायाचा ब्रेक दाबून गाडी न्यूट्रलमध्ये ठेवावी, हँडब्रेक ओढावा आणि पाय हळूहळू उचलावा. गाडी हलली तर पाय तत्काळ परत टेकवता येईल अशा तयारीत राहावे. हीच चाचणी गाडी वळवून विरुद्ध दिशेनेही घ्यावी. त्यानंतर शक्यतो ब्रेक न वापरता चार-पाच किलोमीटर चालवून मागच्या चाकांजवळ, न स्पर्शता, हात धरून पाहावा. एक ड्रम दुसऱ्याहून स्पष्टपणे अधिक तापलेला जाणवला तर त्या बाजूचा शू घासत आहे आणि समायोजन अधिक घट्ट झाले आहे.

महाराष्ट्रात, आणि विशेषतः कोकणात, हँडब्रेकचा खरा शत्रू झीज नसून गंज आहे. केबल ज्या आवरणातून जाते त्याच्या तोंडाशी असलेली रबरी टोपी फाटली की पावसाचे आणि रस्त्यावर साचलेले पाणी आत शिरते, पोलादी तारा गंजून फुगतात, आणि मग दांडा खाली आला तरी केबल परत सरकत नाही. चाक अर्धवट ब्रेक लागलेल्या स्थितीत मैलोन्‌मैल फिरत राहते आणि लायनर जळतो. अशा केबलीत बाहेरून तेल सोडण्याचा उपाय फार काळ टिकत नाही, ती बदलणेच योग्य. याखेरीज पावसाळ्यात गाडी धुऊन किंवा पाण्यातून आणून, हँडब्रेक ओढून आठवडाभर उभी ठेवल्यास ओला लायनर गंजलेल्या ड्रमला चिकटून बसतो. दीर्घकाळ उभ्या ठेवायच्या गाडीला सपाट जागी गियर आणि चाकांना ठोकळे लावून हँडब्रेक सोडून ठेवणे हा त्यावरचा योग्य मार्ग. हा उपाय दीर्घ मुक्कामापुरताच आहे. रोजच्या वापरात नुसत्या गियरवर गाडी सोडून हँडब्रेक कधीच न ओढण्याची सवय तितकीच वाईट, कारण न हलणारी केबल अधिक लवकर गंजते आणि इंजिनाचा दाब पाझरत जाऊन उतारावरची गाडी हळूहळू सरकू शकते. ऑटोमॅटिक गाडीत ‘पी’ स्थितीत गियरबॉक्समधील एक लहान खिटी सारा भार पेलते. म्हणून उतारावर हँडब्रेक आधी ओढून, पाय किंचित सैल करून गाडीचा भार त्यावर येऊ द्यावा आणि मगच ‘पी’ लावावा.

बटणाने लागणाऱ्या विजेच्या हँडब्रेकला यांतले पुष्कळसे लागू पडत नाही. बहुतेक रचनांत तेथे मागच्या कॅलिपरवर बसवलेली छोटी मोटार स्क्रू फिरवून पॅड डिस्कवर दाबते आणि पॅडची झीज नियंत्रक स्वतःच लक्षात घेतो, त्यामुळे घरी समायोजन करण्याजोगा नट त्यात नसतो. पॅड बदलण्यापूर्वी मात्र त्या मोटारीला मागे सरण्याची आज्ञा, निर्मात्याने ठरवलेल्या पद्धतीने किंवा स्कॅनरच्या साहाय्याने, द्यावी लागते. ती न देता पिस्टन जोराने आत ढकलल्यास आतील स्क्रू आणि दाते मोडतात व संपूर्ण कॅलिपर बदलण्याची वेळ येते.