फळे, चहा आणि बर्फ

वैशाखाचे ऊन आमच्या सायवनच्या बाजूस कसे असते, याची कल्पना शहरातील पंख्याखाली बसून येणे कठीण आहे. डहाणूच्या किनाऱ्यावर निदान सायंकाळी वारा सुटतो. कासा गाव सोडून सायवनच्या रस्त्याला लागले की तोही मागे राहतो. अशा दुपारी कोणी पाहुणा दारी आला, तर पूर्वी त्याच्यापुढे गुळाचा खडा आणि माठातील पाणी ठेवीत. पुढे चहा आला, आणि अंगातून घामाच्या धारा वाहत असताही आपण एकमेकांस आग्रहाने ऊन ऊन चहा पाजू लागलो. अलीकडे शहरांतील उपाहारगृहांतून काचेच्या उंच पेल्यात गार चहा मिळतो. तळाशी एका रंगाचा फळांचा पाक, मध्ये फळांच्या फोडी, वर सोनेरी चहा आणि त्यावर बर्फ, असे त्याचे निरनिराळे थर दिसतात. पाहणारास वाटते, ही काही विशेष हातचलाखी असावी. तशी ती नाही. हे पेय घरी कसे करावे, त्यातील थर एकमेकांत का मिसळत नाहीत, आणि ते करताना कोणत्या एका गोष्टीस फार जपावे, हे आज मी सांगणार आहे.

प्रथम गार चहाविषयी दोन शब्द. अमेरिकेतील सेंट लुई शहरी १९०४ साली जे जागतिक प्रदर्शन भरले, तेथे हिंदुस्थानच्या चहाचा प्रचार करण्यास रिचर्ड ब्लेचिंडन नावाचे गृहस्थ गेले होते. उकाड्यामुळे त्यांच्या ऊन चहाकडे कोणी फिरकेना. तेव्हा त्यांनी तो बर्फाने गार करून दिला आणि त्या दिवसापासून हे पेय जन्मास आले, अशी कथा पुष्कळ ठिकाणी सांगितली जाते. कथा मनोरंजक आहे, परंतु तिच्यातील जन्माचा भाग खरा नव्हे. व्हर्जिनिया प्रांतातील गृहिणींच्या पाककृतींचे एक पुस्तक १८७९ साली प्रसिद्ध झाले होते. त्यात बर्फ घातलेल्या चहाची कृती छापलेली आहे. प्रदर्शनाने या पेयाचा प्रसार केला, एवढेच म्हणता येईल. आपल्या देशात बर्फ कसा आला, हीही गंमतच आहे. बॉस्टनचे व्यापारी फ्रेडरिक ट्यूडर यांनी १८३३ साली तेथील गोठलेल्या तळ्यांचा बर्फ कापून जहाजाने कलकत्त्यास धाडला. निघताना सुमारे १८० टन असलेला बर्फ चार महिन्यांच्या प्रवासानंतर सुमारे १०० टन उरला होता. पुढे मुंबईसही असा बर्फ येऊ लागला. जी वस्तू एके काळी सात समुद्र ओलांडून श्रीमंतांच्या मेजवानीस येत असे, ती आज गोणपाटात गुंडाळून आमच्या खेड्यातील लग्नघरी येते. या गोणपाटाकडे मी पुन्हा वळणार आहे.

आता फळे. आमच्या भागाचे नाव घेताच श्रोत्यांस चिकू आठवेल, आणि ते योग्यच आहे. डहाणू-घोलवडच्या चिकूस भौगोलिक मानांकनही लाभलेले आहे. परंतु या पेयासाठी मी चिकू घेत नाही. पिकलेल्या चिकूत आंबटपणा जवळजवळ नसतो, आणि त्याचा गर चहात उतरून पेय गढूळ होते. चिकू दुधाचा सोबती. चहास आंबट फळ मानवते. चैत्र-वैशाखात आमच्या रानात करवंदे पिकतात आणि ताडावरून ताडगोळे उतरतात. वारली भगिनी पानांच्या द्रोणांतून करवंदे विकावयास आणतात. ही दोन फळे आणि अंगणातील गवती चहाची चार पाती, एवढ्यावर आपले काम भागते. ज्यांस करवंदे मिळत नसतील, त्यांनी कोकमाचा पाक किंवा साखर घातलेला आमरस घ्यावा.

थर का राहतात, हे आधी समजून घेतले म्हणजे कृती पाठ करावी लागत नाही. शाळेत आपण एक प्रयोग केला असेल. साध्या पाण्यात ताजे अंडे बुडते. त्याच पाण्यात भरपूर मीठ विरघळविले की ते तरंगू लागते. मिठाने पाणी जड झाले, एवढाच त्याचा अर्थ. साखरेचेही तसेच आहे. एक लिटर साध्या पाण्याचे वजन एक किलो भरते; परंतु पाणी आणि साखर समान वजनाने घेऊन केलेला एक लिटर पाक सुमारे सव्वा किलो भरतो. बिनसाखरेचा चहा वजनाने जवळजवळ पाण्यासारखाच असतो. म्हणून पाक तळाशी राहतो आणि चहा त्याच्यावर बसतो. ताडगोळ्याच्या गरात थोडी साखर असते. त्यामुळे तो चहापेक्षा किंचित जड आणि पाकापेक्षा हलका ठरतो. चहातून खाली उतरतो, पण पाकात बुडत नाही. तो नेमका दोहोंच्या सीमेवर जाऊन थांबतो, त्यास तेथे ठेवावे लागत नाही. बर्फ तर पाण्याहूनही हलका, म्हणून तो सर्वांच्या वर. तात्पर्य, गोड ते खाली आणि अगोड ते वर, हा एकच नियम ध्यानात ठेवावा. चहात साखर घातली की हा क्रम बिघडतो. पुष्कळांचे थर याच चुकीमुळे मोडतात.

आता कृती. सहा पेल्यांचे प्रमाण सांगतो.

पाव किलो पिकलेली काळी करवंदे देठ काढून दोन-तीन पाण्यांत धुवावी, म्हणजे त्यांचा चीक जाईल. त्यांत एक पेला पाणी घालून ती मऊ होईपर्यंत शिजवावी, पळीने ठेचावी आणि पातळ फडक्यातून गाळून बिया व साली काढून टाकाव्या. जो रस निघेल, त्याच्या वजनाच्या निम्मी साखर घालून पाच मिनिटे उकळावा आणि झाकून गार होऊ द्यावा. साखर निम्मीच का, असे कोणी विचारील. उत्तर असे की, थर टिकण्यास दोन द्रवांच्या वजनांत फरक हवा. तो फार मोठा असण्याची गरज नाही. निम्म्या साखरेनेही तो पुरेसा पडतो. असा पाक फार दिवस टिकत नाही, म्हणून थंड जागी ठेवून तीन-चार दिवसांत संपवावा.

चहासाठी एक लिटर पाणी घ्यावे. त्यात गवती चहाची पाती कापून घालावी आणि पाच मिनिटे चांगली उकळी येऊ द्यावी. भांडे खाली उतरवून मग चार लहान चमचे चहाची पूड घालावी, झाकण ठेवावे आणि चार मिनिटांनी गाळावे. पूड घातल्यावर चहा उकळू नये, आणि दूध तर घालूच नये; आंबट फळाशी गाठ पडताच ते फाटते. गार झालेला कडक चहा कधी कधी दुधी, गढूळ दिसतो. तो नासला असे समजून कित्येकजण ओतून देतात. वास्तविक चहातील कॅफीन आणि तुरट द्रव्ये थंडीत एकत्र येऊन तसे होते; थोडे उकळते पाणी घातले की चहा पुन्हा निवळतो. लिंबाचे चार थेंब पिळले तर रंग फिका पडतो, तेही स्वाभाविक आहे. आंबटाने चहाचा रंग उतरतोच.

सहा ताडगोळे सोलून त्यांच्या लहान फोडी कराव्या. प्रत्येक पेल्यात दोन मोठे चमचे पाक घालावा आणि त्यावर फोडी अलगद सोडाव्या. मग एक चमचा पालथा धरून, त्याची कड पेल्याच्या आतील बाजूस टेकवावी आणि त्याच्या पाठीवरून गार चहा अगदी बारीक धारेने ओतावा. धार वरून आदळली तर पाक ढवळला जातो. चमच्यावरून ओघळली तर थर स्वच्छ राहतात. तळाशी गडद लाल, मध्ये पारदर्शक पांढरा आणि वर सोनेरी, असा पेला पाहुण्यापुढे ठेवावा, सोबत लांब चमचा द्यावा आणि ढवळून प्यावयास सांगावे. वरचा चहा अगोड, खालचा पाक गोड. ढवळल्यावाचून चव जमत नाही.

येथवर बर्फाविषयी मी मुद्दाम बोललो नाही. त्याचे कारण आता सांगतो.

काही वर्षांपूर्वी आमच्या नात्यातील एक लग्न वैशाखात झाले. मी शाळामास्तर, ‘पाणी उकळून प्यावे’ हे वाक्य फळ्यावर लिहिण्यात माझी हयात गेली. म्हणून सरबताची व्यवस्था माझ्याकडे दिली होती. मी आदल्या रात्री पिंपभर पाणी स्वतःसमोर उकळून घेतले, झाकून ठेवले आणि पहारा केला. दुपारी बर्फाची लादी आली. गोणपाट सोडून ती ओट्यावर ठेवली, कोणी घडाभर पाणी तिच्यावर ओतले, हातोडीने तुकडे केले आणि ते त्या उकळलेल्या पाण्याच्या सरबतात पडले. मी समोर उभा होतो. सरबत गार झाले, सर्वांनी वाखाणले. तीन-चार आठवड्यांनी त्याच मंडळींपैकी सातआठ जणांस कावीळ झाली; त्यांत माझी धाकटी मुलगी होती. ती महिनाभर अंथरुणास खिळली होती. दोष बर्फाचाच होता, असे मी शपथेवर सांगू शकत नाही. परंतु डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला तो बर्फ कोठून आणला हा, आणि मजजवळ उत्तर नव्हते. बर्फ म्हणजेही पाणीच, एवढी साधी गोष्ट जन्मभर मुलांस शिकवूनही ऐन वेळी माझ्या ध्यानात आली नाही.

गोठविल्याने रोगजंतू मरतात, असा समज सर्वत्र आहे. तो चुकीचा आहे. काविळीचे आणि विषमज्वराचे जंतू थंडीत निपचित पडतात. बर्फ वितळला की पुन्हा अपाय करण्यास सिद्ध होतात. त्यांस मारते ती उष्णता. शिवाय विकतचा सर्वच बर्फ खाण्यासाठी केलेला नसतो. मासे व इतर माल टिकविण्यासाठीही तो लागतो. म्हणून अखाद्य बर्फात निळा रंग मिसळावा, असा नियम महाराष्ट्रात २०१८ साली करण्यात आला. निळसर बर्फ दिसला तर तो पेयात घालू नये, हे उघड आहे. पण बर्फ पांढरा आहे एवढ्यावरून तो शुद्ध ठरत नाही, हेही तितकेच खरे.

यास्तव घरचा नियम असा असावा. पाणी गढूळ असल्यास आधी गाळावे, मग खळखळून उकळावे, झाकून गार करावे, आणि त्याच पाण्याचा बर्फ घरच्या शीतपेटीत धुतलेल्या भांड्यात लावावा. बर्फास हात न लावता तो चिमट्याने किंवा चमच्याने घालावा. जेथे शीतपेटी नाही, किंवा आमच्याप्रमाणे ऐन दुपारी वीज जाते, तेथे गाळलेला चहा झाकणाच्या भांड्यात भरून ते भांडे ओल्या वाळूत ठेवावे आणि त्याभोवती ओले फडके गुंडाळावे. पाण्याची वाफ होताना ती भांड्यातील उष्णता घेऊन जाते. माठही याच न्यायाने गार होतो. असा चहा बर्फाइतका थंड होत नाही, परंतु थर तेवढेच सुंदर राहतात, कारण थर साखरेच्या वजनावर उभे असतात, बर्फावर नाही. मात्र चहा फार वेळ तसाच ठेवू नये. दोन-तीन तासांत पिऊन संपवावा.

आणखी दोन सूचना. वरील प्रमाणाने एका पेल्यात सुमारे तीन लहान चमचे साखर जाते. जागतिक आरोग्य संघटनेच्या शिफारशीप्रमाणे दिवसाची वरून घातलेली साखर सुमारे सहा चमच्यांच्या आत राहिली तर उत्तम. तेव्हा एकाच पेल्यावर थांबावे, आणि मधुमेही मंडळींस पाक न घालता ताडगोळा व चहाच द्यावा. दुसरी सूचना अशी की, हे पेय जेवणाबरोबर घेऊ नये. चहातील तुरट द्रव्यांमुळे अन्नातील लोह अंगी लागण्यास अडथळा येतो. ज्या स्त्रियांच्या व मुलांच्या अंगात रक्त कमी आहे, त्यांनी जेवण आणि चहा यांत निदान तासाभराचे अंतर ठेवावे.

श्रोते हो, पाहुणा पेल्याकडे पाहतो, तेव्हा त्यास रंग दिसतात. पाणी कोठले आणि बर्फ कोणी केला, हे त्यास दिसत नाही. ते यजमानाने पाहावयाचे असते. आमच्या घरी त्या लग्नानंतर बाहेरचा बर्फ आला नाही. या उन्हाळ्यात माझ्या त्याच मुलीने आपल्या मुलांसाठी करवंदांचा पाक केला, चहा ओल्या वाळूत ठेवला आणि पेले भरून ओसरीवर आणले. मुलांनी विचारले, “आजोबा, बर्फ?” मी म्हटले, “आज नाही. उद्या घरचा लावू.” त्यांनी पेले रिकामे केले आणि आणखी मागितले.