घरकुल गावच्याच दगडमातीचे

हिंगोली जिल्ह्याच्या कळमनुरी तालुक्यातल्या डोंगरकड्यासारख्या गावात प्रधानमंत्री आवास योजनेतून घरकुल मंजूर झाले, की मूळ अनुदान मिळते 1 लाख 20 हजार रुपये. बांधायचे किमान 25 चौरस मीटर, म्हणजे साधारण 270 चौरस फूट. चौरस फुटाला साडेचारशे रुपयेही पडत नाहीत. रोजगार हमीची मजुरी वेगळी मिळते हे खरे. पण भाजलेली वीट, सिमेंट, सळई आणि वर स्लॅब एवढ्यात बसत नाही, आणि कर्ज काढावे लागते. वीट भाजायला हजार अंशांच्या आसपास आच लागते, सिमेंटच्या भट्टीत साडेचौदाशे. त्या जळणाचे पैसे शेवटी घर बांधणाराच मोजतो. पडक्या घरांचे दगड, सागाच्या तुळया, कौले मात्र जागेवर पडून राहतात. घरकुलाच्या भिंती आणि छप्पर शक्य तितके यातूनच उभे राहावे, असे माझे ठाम मत आहे.

यावर मराठवाड्यात पहिला आक्षेप येतो तो किल्लारीच्या भूकंपाचा, आणि तो झटकून टाकण्यासारखा नाही. 30 सप्टेंबर 1993च्या पहाटे सुमारे 8 हजार माणसे गेली, ती बहुतेक दगडमातीच्या घरांखाली. हिंगोली जिल्ह्यालाही 21 मार्च आणि 10 जुलै 2024 रोजी 4.5 तीव्रतेचे धक्के बसले. पण किल्लारीत नेमके काय कोसळले? भिंतीचे आतले आणि बाहेरचे थर एकमेकांत गुंतवलेले नव्हते, मध्ये नुसता भराव होता, आणि डोक्यावर माळवदाचा कितीतरी टन मातीचा भार. हादऱ्यात थर फुगून सुटले आणि छत खाली आले. दोष बांधणीचा होता. दर चार फुटांवर आणि दर दोन फूट उंचीला भिंतीच्या पूर्ण जाडीचा एक आरपार दगड, दरवाजा-खिडक्यांच्या वर चारही भिंतींना कवळणारा तीन इंची काँक्रीटचा पट्टा, आणि माळवदाऐवजी हलके कौलारू छप्पर, एवढ्याने भिंत एकसंध राहते. सिमेंट-सळई लागतेच, पण थोडी, आणि जिथे तिच्यावाचून चालत नाही तिथेच.

मातीचीही निवड लागते. काळी माती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते. तिची वीट करू नये, आणि पायाही ती खणून मुरुमापर्यंत न्यावा. वाळूचे प्रमाण चांगले असलेल्या मातीत पाच ते आठ टक्के सिमेंट मिसळून हातयंत्रावर दाबलेली वीट भट्टीशिवाय तयार होते. तीनेक आठवडे पाणी मारत सावलीत ठेवली की झाले. वर्ध्याच्या ग्रामोपयोगी विज्ञान केंद्राने मातीच्या भिंती आणि कुंभाराने भाजलेल्या शंकूंची कमानदार छपरे वापरून घरे बांधून दाखवली आहेत. लिंपणाची डागडुजी करत राहावी लागते, हा आक्षेप मात्र मान्य. म्हणून जोते उंच आणि छपराची पुढे आलेली वळचण हवीच. ‘असले घर मंजूर होत नाही’ ही समजूत चुकीची आहे. केंद्राच्या ग्रामविकास मंत्रालयाच्या ‘पहल’ या संग्रहात स्थानिक साहित्याच्या घरांचे आराखडे आहेत. अडते ते गवंड्याच्या सरावापाशी. म्हणून आधी गवंड्यांना प्रशिक्षण द्यावे, आणि भिंतींची पाहणी करणाऱ्या अभियंत्याने आरपार दगड व पट्टा मोजूनच पुढचा हप्ता सोडावा.