‘व्हिन’ म्हणजे सदाफुली. पण सदाफुली म्हणजे औषध नव्हे!

कृषी सेवा केंद्रात गेल्यावर आपण काउंटरवर काय मागतो? “एम-पंचेचाळीस द्या.” त्या पुड्यावर बारीक अक्षरात ‘मॅन्कोझेब’ असं छापलेलं असतं, ते सहसा कोणी वाचत नाही. द्राक्षवाले मात्र वाचतात. निर्यातीच्या मालाची अवशेष तपासणी होते तेव्हा प्रयोगशाळेला व्यापारी नावाशी देणंघेणं नसतं, ती बारीक अक्षरातलंच नाव विचारते. व्यापारी नावं दहा असतील, आतलं औषध एकच असतं. दोन वेगवेगळे पुडे घेऊन एकच औषध दोनदा मारणारे बहाद्दर कोणत्याही गावात भेटतील.

आज मात्र पिकाच्या औषधाबद्दल लिहायचं नाही. माणसाच्या औषधाबद्दल लिहायचं आहे, तेही कॅन्सरच्या. हे काम डॉक्टरांचं, कृषी खात्याच्या माणसाचं नव्हे, असं कोणी म्हणेल. पण या औषधाचं मूळ आपल्या परड्यात आहे, आणि त्याच्या नावावरून जो घोटाळा होतो त्याचे प्रश्न माझ्याकडेच येतात.

गावात कोणाच्या घरी हा आजार निघाला आणि विचारलं, “औषध कोणतं चालू आहे?” तर उत्तर येतं, “केमो चालू आहे.” हे म्हणजे ‘बागेवर काय मारलं?’ विचारल्यावर ‘फवारणी’ असं सांगण्यासारखं झालं. केमो ही उपचाराची पद्धत आहे. तिच्यात औषधं पुष्कळ, आणि प्रत्येकाचं नाव, मात्रा आणि त्रास वेगळा. त्यातलंच एक नाव म्हणजे व्हिनक्रिस्टिन. रक्ताच्या कॅन्सरवर, विशेषतः लहान मुलांच्या, आणि लसिका गाठींच्या कॅन्सरवर ते इतर औषधांच्या जोडीने देतात. त्याचं भावंड म्हणजे व्हिनब्लास्टिन.

या दोन्हींतलं ‘व्हिन’ कुठून आलं? तर ‘व्हिंका’वरून. आपल्या दारातल्या, देवळाच्या आवारातल्या, मुरमाड माळावरही बारा महिने फुलणाऱ्या सदाफुलीचं जुनं शास्त्रीय नाव व्हिंका रोझिया. लिनियस या स्वीडिश शास्त्रज्ञाने ते १७५९ साली दिलं. लॅटिनमध्ये ‘व्हिंकिरे’ म्हणजे बांधणे. युरोपातल्या व्हिंकाच्या लवचिक फांद्या हार-गजरे बांधायला वापरत, त्यावरून हे नाव. पुढे शास्त्रज्ञांनी आपल्या झाडाला वेगळ्या गटात टाकून कॅथरँथस रोझियस म्हटलं, म्हणजे निर्मळ फूल. झाडाचं नाव बदललं, पण औषधाला जुनंच चिकटून राहिलं. सातबाऱ्यावर नवं नाव चढलं तरी गाव त्या रानाला जुन्या मालकाच्या नावानेच ओळखतं, तसंच. सदाफुली मूळची इथली नाही बरं का, ती मादागास्कर बेटावरची. पण आता ती आपलीच झाली आहे.

‘व्हिनब्लास्टिन’चं आधीचं लांबलचक नाव होतं व्हिंकाल्युकोब्लास्टिन. ‘ल्युको’ म्हणजे पांढरं. ‘ब्लास्ट’ हा ग्रीक शब्द, अर्थ कोंब किंवा अंकुर. (बाजरीवरच्या ब्लास्ट रोगाशी त्याचा संबंध नाही, तो ब्लास्ट इंग्रजी.) पांढऱ्या पेशीचा कोंब म्हणजे न पिकलेली, कच्ची पांढरी पेशी. रक्ताच्या कॅन्सरमध्ये अशा कच्च्या पेशींचं तण माजतं. म्हणजे या औषधाच्या नावातच झाड आणि रोग दोन्ही सापडतात. ‘क्रिस्टिन’मधला ‘क्रिस्टा’ म्हणजे तुरा असं कोशकार सांगतात, पण त्यातून मला तरी काही अर्थबोध झाला नाही.

हे औषध सापडलं त्याची हकिकतही सांगतो. जमैकात सदाफुलीच्या पानांचा काढा मधुमेहावर घेत. आपल्याकडेही सकाळी पानं-फुलं चावणारे आहेतच. १९५२ साली जमैकाहून पंचवीस पानं कॅनडातल्या डॉ. क्लार्क नोबल यांच्याकडे आली. त्यांनी ती आपले भाऊ डॉ. रॉबर्ट नोबल यांच्याकडे पाठवली. उंदरांना अर्क पाजून पाहिला, साखर काही उतरली नाही. टोचून पाहिला तर उंदीर जंतुसंसर्गाने मेले, कारण त्यांच्या रक्तातल्या पांढऱ्या पेशीच घटल्या होत्या. मधुमेहाचं औषध शोधायला गेले आणि हाती भलतंच लागलं. पांढऱ्या पेशी कमी करणारं द्रव्य पांढऱ्या पेशींच्या कॅन्सरवर चालेल, हे त्यांच्या ध्यानात आलं. चार्ल्स बिअर यांच्या मदतीने १९५८ पर्यंत व्हिनब्लास्टिन वेगळं काढलं गेलं. त्याच सुमारास अमेरिकेत एली लिली कंपनीचे गॉर्डन स्वोबोडा याच झाडावर काम करत होते. त्यांच्याकडून व्हिनक्रिस्टिन आलं आणि १९६३ मध्ये अमेरिकेत त्याला परवानगी मिळाली.

पेशी फुटून एकीच्या दोन होताना आत बारीक धागे तयार होतात. हे औषध त्या धाग्यांच्या मालालाच चिकटतं, धागा बनत नाही आणि पेशीची वाढ खुंटते. शेती पदविकेला असताना आम्ही कोल्चिसिन शिकलो होतो. बिनबियांच्या कलिंगडाच्या पैदाशीसाठी वापरतात ते. त्याचंही काम असंच, आणि तेही कळलावीसारख्या झाडातूनच मिळतं. ‘बांधणे’ या अर्थाचं नाव आणि औषधाचं कामही पेशीला बांधून टाकण्याचं, हा निव्वळ योगायोग.

आता मुद्द्यावर येतो. मंगळवेढ्याकडच्या एका गावात ज्वारीच्या बैठकीनंतर एक जण थांबला. “साहेब, सरकारी रोपवाटिकेत सदाफुलीची रोपं मिळतील का? शंभर-दोनशे पाहिजेत.” मला वाटलं, औषधी वनस्पतीची लागवड करायची असेल. तसं नव्हतं. त्याच्या पुतण्याला रक्ताचा कॅन्सर होता, केमो चालू होती. पोराचे केस गेले, पाय दुखायचे, संडासला होत नव्हतं. कोणीतरी सांगितलं की हे इंजेक्शन सदाफुलीचंच असतं. “मग साहेब, एवढ्या लांब हेलपाटे कशाला? घरीच रस काढून पाजू की.”

हा माणूस अडाणी नव्हता. त्याची माहिती खरी होती, चूक पुढच्या हिशोबात होती. तो हिशोब त्याला सांगितला तसा तुम्हालाही सांगतो. एक ग्रॅम औषध काढायला वाळलेला पाला अर्धा टन, कधी त्याहून कितीतरी जास्त लागतो. इंजेक्शनात ते जातं किती? मोठ्या माणसालाही एका वेळी साधारण दोन मिलिग्रॅमच्या वर देत नाहीत. मालदांडीचा एक दाणा तीस-पस्तीस मिलिग्रॅम भरतो, म्हणजे दाण्याचा पंधरावा-सोळावा हिस्सा! तेवढ्यासाठी किलोभर पाला लागतो, आणि तोही कारखान्यात गाळून, वेगळं करून. शिवाय हे औषध शिरेतूनच द्यावं लागतं. पोटातून गेलं तर अंगी किती लागेल याचा भरवसा नाही. उलट पानात इतर अनेक अल्कलॉइड असतात, त्यांचा विषार मात्र होऊ शकतो. शेळी सगळ्या झाडाला तोंड लावते पण सदाफुलीला लावत नाही, हे तुम्ही पाहिलंच असेल. ती कडू का आहे, हे शेळीला कळतं.

तो पोरगा पुढच्या तारखेला दवाखान्यात गेला, एवढं मला माहीत आहे. पायाचं दुखणं, मुंग्या, बद्धकोष्ठ हे व्हिनक्रिस्टिनचे ठरलेले त्रास आहेत. ते डॉक्टरांना सांगायचे असतात, त्यावर इलाज असतो. मुलांच्या या कॅन्सरचा उपचार दोन-अडीच वर्षं चालतो. मध्येच सोडला तर उरलेलं तण परत माजतं, आणि मग तेच औषध लागू पडेलच असं नाही.

दुसरा घोटाळा नावाच्या जवळिकीचा. व्हिनक्रिस्टिन आणि व्हिनब्लास्टिन, कानाला सारखीच. पण व्हिनब्लास्टिनची मात्रा व्हिनक्रिस्टिनच्या कितीतरी पट असते. एकाच्या जागी दुसरं गेलं तर जीव जाऊ शकतो. म्हणून इंग्रजीत ही नावं छापताना मधली वेगळी अक्षरं मुद्दाम मोठी छापतात. व्हिनक्रिस्टिनच्या बाटलीवर ‘फक्त शिरेतून, इतर मार्गाने दिल्यास प्राणघातक’ अशी ताकीद असते, कारण पाठीच्या मणक्यातून देण्याची औषधंही याच आजारात असतात आणि जगात अशी गफलत झालेली आहे. २००७ साली जागतिक आरोग्य संघटनेने सुचवलं की व्हिनक्रिस्टिन सिरिंजमध्ये न भरता लहान सलाईनच्या पिशवीतून द्यावं, म्हणजे ते चुकून मणक्यात टोचताच येणार नाही.

नावाचा तिसरा प्रकार फाईलवर दिसतो. लिलीच्या व्हिनक्रिस्टिनचं व्यापारी नाव ‘ऑन्कोव्हिन’. ‘ऑन्को’ म्हणजे गाठ. डॉक्टर चार औषधांच्या एका पाठाला ‘चॉप’ म्हणतात, त्यातला ‘ओ’ हा याच ऑन्कोव्हिनचा. म्हणजे एकच औषध कागदावर तीन तऱ्हांनी लिहिलेलं सापडेल. मूळ नाव एकच असावं म्हणून जागतिक आरोग्य संघटना १९५३ पासून औषधांची आंतरराष्ट्रीय नावं प्रसिद्ध करते. त्या पद्धतीत ‘व्हिन’ हा व्हिंका घराण्याचा शिक्का. व्हिनोरेलबिन हेही त्याच घरातलं. पण ‘व्हिनपोसेटिन’ दिसलं म्हणून ते कॅन्सरचं समजू नका. शिक्का तोच, काम निराळं.

नावाने अन्यायही होतो. टोपोटिकॅन, इरिनोटिकॅन या केमोच्या औषधांतलं ‘टिकॅन’ कॅम्प्टोथेसिनवरून आलं, आणि ते नाव कॅम्प्टोथेका या चिनी झाडाचं. तेच द्रव्य आपल्या सह्याद्रीतल्या नरक्यात आहे, हे १९७२ मध्ये भारतीय शास्त्रज्ञांनी दाखवलं. औषधाच्या नावात नरक्याचा मागमूस नाही, पण घाटातून त्याची चोरटी तोड मात्र भरपूर झाली.

आपल्या जिल्ह्याचं नावही या विषयात आहे. बार्शीला नर्गिस दत्त स्मारक कॅन्सर रुग्णालय आहे. १९८७ पासून बार्शी, परांडा आणि भूम या तालुक्यांतल्या ३४६ गावांत कॅन्सरच्या रुग्णांची नोंद ठेवायला तिथे सुरुवात झाली. ग्रामीण भागातली अशी देशातली ती पहिली नोंदवही. तेव्हा रोग गावात नव्हता, आता आला, असं म्हणणाऱ्यांनी तिकडे जरूर पाहावं.

घरात कोणाची केमो चालू असेल तर शाळेत जाणाऱ्या पोराला एक वही करायला सांगा. तारीख, कितवा डोस, औषधाचं मूळ नाव, मात्रा, पुढची तारीख. कळलं नाही तर नर्सबाईंकडून अक्षरं लावून घ्या, त्यात लाज नाही. सलाईन चालू असताना हात आगीसारखा झोंबला तर तिथल्या तिथे सांगा. हे औषध शिरेबाहेर सांडलं तर मांस जळतं. रुग्ण कोणता काढा, पाला, चूर्ण घेत असेल तर तेही लपवू नका.

आणि शेती म्हणून सदाफुली लावायची का, हा प्रश्न उरतोच. लखनौच्या केंद्रीय औषधी व सगंध वनस्पती संस्थेने ‘निर्मल’ आणि ‘धवल’ हे पांढऱ्या फुलांचे वाण काढले आहेत. पाणी साचत नाही अशा हलक्या रानात, थोड्या पाण्यावर पीक येतं. मुळांनाही गिऱ्हाईक असतं. पण घेणारा कारखाना आधी लेखी ठरवल्याशिवाय गुंठाभरही लावू नका. पाला-मुळ्या बाजार समितीत विकल्या जात नाहीत.